शब्द अडतात तिथे हात बोलतात

कंबोडियाची राजधानी नॉम पेन्हमध्ये तुओल स्लेंग नावाची जागा आहे. मुळात ती शाळा. १९७५ ते १९७९ या काळात ख्मेर रूज या कम्युनिस्ट राजवटीने तिचा तुरुंग केला. सांकेतिक नाव एस-२१. हजारो कैदी इथे आणले गेले, वाचले ते बोटांवर मोजण्याइतके. त्यातले एक वान नाथ. ते चित्रकार होते आणि राजवटीचा प्रमुख पोल पॉट याची चित्रं काढायला माणूस हवा होता, म्हणून जगले.

२००३ साली दिग्दर्शक रिती पान यांनी या तुरुंगावर माहितीपट केला. ते स्वतः त्याच राजवटीत आईवडील गमावून बसलेले. माहितीपटात वान नाथ आणि तिथले जुने पहारेकरी समोरासमोर येतात. त्यातला एक प्रसंग माझ्या डोळ्यांपुढून हलत नाही. एक पहारेकरी रिकाम्या खोलीत आपली जुनी पाळी करून दाखवतो. नसलेल्या कैद्यांची कुलपं तपासतो, त्यांच्यावर खेकसतो, पाणी आणून देतो. वीसहून अधिक वर्षं उलटली, तरी हात कुठेही चाचपडत नाहीत.

असं का होतं? रोज पोळ्या लाटणाऱ्या बाईला विचारा, लाटणं नेमकं कसं फिरवता? तिला सांगता येणार नाही, पण करून लगेच दाखवेल. घटनांच्या आठवणी साठवायला मेंदूतला हिप्पोकॅम्पस लागतो. सवयीच्या हालचाली मात्र स्ट्रायटम हा मेंदूच्या आतला भाग आणि लहान मेंदू यांच्या ताब्यात असतात. जिभेला जे सापडत नाही, ते कधी कधी हातांकडे शाबूत असतं, आणि कॅमेऱ्याला तेही टिपता येतं.

सोसलेल्यांची गोष्ट वेगळी. जिवावरच्या भीतीत अमिग्डाला हा मेंदूतला भीतीशी जोडलेला भाग आठवण खोल कोरतो. वास, आवाज, अंधार पक्के बसतात, पण कुठे, कधी, आधी काय, नंतर काय, हे धागे सुटे राहतात. म्हणून साधं दार आपटलं तरी सगळं आत्ताच घडतंय असं वाटतं. युद्धातून आलेल्यांसाठीच्या एका उपचारात जमिनीवर दोरी पसरतात. दोरी म्हणजे आयुष्य. सुखाच्या प्रसंगाला फूल, आघाताला दगड. मग एकेका दगडाची हकिकत काळ-वेळेसकट सांगायची. लिहून काढलेली ती कहाणी शेवटी त्या माणसाच्या हाती दिली जाते.

मात्र कॅमेरा म्हणजे औषध नव्हे. आघातानंतर लगेच एकाच बैठकीत माणसाला बोलतं केल्याने पुढचा मानसिक त्रास टळत नाही, हे अभ्यासांत दिसलं आहे. कॅमेरा घेऊन येणाऱ्या, तासाभरात जखम उघडून निघून जाणाऱ्यांचा मला म्हणूनच राग येतो. कुठे थांबायचं हे सांगणाऱ्याच्या हातात हवं.

पान यांना स्वतःची गोष्ट सांगायची होती, तेव्हा दाखवायला काही नव्हतं. राजवटीने मागे ठेवल्या होत्या त्या प्रचाराच्या फिती. म्हणून २०१३ च्या माहितीपटात त्यांनी मातीच्या बाहुल्या घडवून घेतल्या. ओल्या मातीतून हळूहळू एक माणूस आकाराला येतो, मग त्याच्यावर रंग चढतो. पांढरा सूट, गडद टाय. ते त्यांचे वडील.