चातक खरंच फक्त पावसाचं पाणी पितो का?

परवा गंगापूर रोडला भाचीला पक्ष्यांचं चित्रपुस्तक वाचून दाखवत होते. चातकाच्या पानावर आ वासलेली चोच, वरून टपोरे थेंब. 'मावशी, मग उन्हाळ्यात तो काय पितो?' पाच वर्षांच्या पोरीला पडलेला हा प्रश्न आपल्याला कधीच कसा पडला नाही?

तर खुलासा असा. चातक ही कोकिळेच्याच कुळातली, डोक्यावर तुरा असलेली काळीपांढरी जात. नाशिककडे तो मोसमी वाऱ्यांच्या सुमारास दिसू लागतो. त्यातले बरेच आफ्रिकेतून आलेले असतात. म्हणजे तो पावसासाठी ताटकळत नाही, पावसाबरोबर येतो. खातो काय? अळ्या. त्याही केसाळ, ज्यांना इतर पक्षी सहसा टाळतात. शरीराला लागणारं बरंचसं पाणी त्यातूनच मिळतं. पाऊस पडला की अळ्या वाढतात, म्हणून हा मुक्काम.

भाचीला खरी मजा वाटली ती अंड्यांची. चातक घरटं बांधतच नाही, सातभाईंच्या घरट्यात अंडं घालतो. दोघांचीही अंडी निळी! सातभाई बिचारे परक्याचं पिल्लू वाढवतात.

पुस्तक फेकलं नाही. त्या चित्राशेजारी तिने पेन्सिलीने एक केसाळ अळी काढली.