आकडीचे औषध आणि रक्तातले सोडियम

अपस्मारावर कार्बामाझेपिन किंवा ऑक्सकार्बाझेपिन घेणाऱ्या रुग्णाच्या रक्तात सोडियम कमी निघाले, की घरची मंडळी त्याच्या जेवणातले मीठ वाढवतात. बहुतेक वेळा मात्र कमतरता मिठाची नसते. शरीरात पाणी जास्त साठलेले असते.

रक्तातील सोडियम सर्वसाधारणपणे लिटरमागे १३५ ते १४५ मिलिइक्विव्हॅलंट असते. व्हॅसोप्रेसिन नावाचे संप्रेरक मूत्रपिंडाला पाणी राखून ठेवायला लावते आणि या औषधांमुळे मूत्रपिंडात त्याच्यासारखाच परिणाम वाढतो. परिणामी लघवीवाटे जायला हवे ते पाणी रक्तात परत शोषले जाते आणि सोडियम विरळ होते. व्हॅसोप्रेसिनच्या कमतरतेमुळे वारंवार भरपूर लघवी होणाऱ्या काही रुग्णांना पूर्वी कार्बामाझेपिन दिले जात असे, ते याच गुणामुळे.

ऑक्सकार्बाझेपिनने हा त्रास अधिक वेळा होतो आणि तो बहुधा उपचाराच्या पहिल्या तीन महिन्यांत दिसतो. वय जास्त असेल किंवा रक्तदाबासाठी थायझाइड गटाची, लघवी वाढवणारी गोळी चालू असेल, तर धोका वाढतो. सोडियम थोडेसेच उतरले असेल तर बहुतेकांना काहीच जाणवत नाही. पुढे मळमळ, डोकेदुखी, सुस्ती, चालताना तोल जाणे, बोलण्यात गोंधळ अशी लक्षणे दिसतात आणि वयस्कर माणसाच्या बाबतीत ती वयावर ढकलली जातात, हे मला फार काळजीचे वाटते. त्याहून मोठा धोका असा, की सोडियम १२० च्या आसपास किंवा त्याखाली घसरले तर त्यामुळेच आकडी येऊ शकते. ती मूळ आजाराचीच समजून त्याच औषधाचा डोस वाढवला, तर सोडियम आणखी खाली जाते. म्हणून नियंत्रणात असलेली आकडी अचानक परतली, तर डोस बदलण्याआधी रक्तातील सोडियम तपासलेच पाहिजे.

औषध स्वतःहून बंद करू नये, कारण ते एकाएकी थांबवल्यास आकडी लांबून जिवावर बेतू शकते. डॉक्टर पिण्याच्या पाण्यावर मर्यादा घालतात, डोस घटवतात किंवा लेव्हेटिरासेटमसारखे दुसरे औषध हळूहळू सुरू करतात. लक्षणे गंभीर असतील तर रुग्णालयात शिरेतून ३ टक्के सलाईन मोजून देतात. बरेच दिवस कमी राहिलेले सोडियम मात्र २४ तासांत साधारण ८ ते १० एककांपेक्षा जास्त वाढू देत नाहीत, कारण तोवर मेंदूच्या पेशींनी कमी सोडियमशी जुळवून घेतलेले असते आणि ते झपाट्याने वाढल्यास चेतातंतूंवरील आवरणाला कायमची इजा होऊ शकते.