रामसेंचा अंधार आणि मालेगावचं ऊन

धुळ्यात टपरीवर मालेगावच्या सिनेमांचा विषय निघाला की कुणीतरी म्हणतंच, "ते बी-ग्रेड ना? रामसे टाइप!" हे ऐकलं की माझा चहा कडू होतो. मालेगाव कागदोपत्री नाशिक जिल्ह्यात असलं तरी आम्हा खान्देशींना ते घरचंच, त्यामुळे जास्तच लागतं.

रामसे सगळ्यांना पाठ आहेत. हिंदी भयपट काढणारे सात भाऊ, पडकी हवेली, १९७२ चा 'दो गज जमीन के नीचे', १९८४ चा 'पुराना मंदिर'. भीती आणि थोडा चावटपणा हा त्यांचा माल, आणि कथा ही तो मांडायची फळी. एक्सप्लॉइटेशन म्हणतात ते हेच. मालेगावात नासिर शेखने २००० साली सुमारे ५०,००० रुपयांत 'मालेगाव के शोले' केला, तर स्वस्त म्हणून तोही याच पोत्यात?

पैसा दोघांकडेही बेताचाच. पण त्या टंचाईचं दोघं काय करतात, ते बघा. रामसे ती लपवतात. धूर सोडतात, रात्र वादळी करतात, 'पुराना मंदिर'मधला राक्षस सामरी झालेल्या उंचापुऱ्या अनिरुद्ध अग्रवालला अंधारातून पुढे आणतात. मेकअप दिसू नये, तुम्ही खरंच घाबरावं, एवढीच त्यांची मनापासूनची धडपड. ती कधी कधी उघडी पडते आणि तिथेच मला त्यांची माया येते.

मालेगाववाले टंचाई भर उन्हात आणतात. 'मालेगाव का सुपरमॅन'मधला शफीक शेख यंत्रमागावरचा कामगार, अंगाने काडी. त्याच्या चड्डीची नाडी बाहेर लोंबत असते. ती झाकायची राहून गेलेली नाही, ती मुद्दाम सोडलीय. शुक्रवारी माग बंद ठेवून सिनेमाला जाणाऱ्या गावाला ती बघताक्षणी कळते: हा आपलाच पोऱ्या. मूळ सुपरमॅन ठाऊक नसेल तर ती नुसती नाडी. म्हणून हे विडंबन, आणि विडंबनात पहिला हसतो तो करणारा. 'पुराना मंदिर'ला असा दुसऱ्या सिनेमाचा टेकू लागत नाही.

"इतकं वाईट की चांगलं" हे दोघांनाही चिकटवतात, त्याचा मला मनस्वी राग आहे. नाडी लोंबती ठेवायला नजर लागते.

फैजा अहमद खान यांचा 'सुपरमेन ऑफ मालेगाव' हा २००८ चा माहितीपट आधी बघा, शफीक उडतो कसा ते त्यात आहे. मग रामसे लावा, रात्री, दिवा मालवून. मालेगावचा सिनेमा मात्र घरात चार माणसं जमली असतील तेव्हाच.