दीपक रागाची आग : एका दंतकथेची पार्श्वभूमी

तानसेनाने दीपक गायला आणि दरबारातले दिवे आपोआप पेटले, ही गोष्ट शाळकरी पोरांनाही ठाऊक असते. तिचा उत्तरार्ध मात्र सांगणारे घाईत उरकतात. दिव्यांबरोबर गाणाऱ्याचं अंगही पेटलं, दाह काही केल्या शमेना, आणि शेवटी कुणीतरी मल्हार गाऊन पाऊस पाडला तेव्हा त्याचा जीव वाचला. मला या गोष्टीचं सगळं बळ त्या उत्तरार्धात दिसतं. सुराने भिंती पडल्या, दगड हलले अशा कथा जगभर आहेत, पण त्यांत वाजवणारा सहसा धडधाकट राहतो. इथे आग आधी गवयाला लागते.

ती आग कुठून आली हे शोधत मागे गेलं की आपण देवगिरीला, म्हणजे आजच्या दौलताबादला, पोचतो. तेराव्या शतकाच्या पूर्वार्धात यादव राजा दुसरा सिंघण याच्या पदरी शार्ङ्गदेव हा हिशेबखात्याचा अधिकारी होता. त्याचे आजोबा काश्मीरहून दक्षिणेत आलेले. त्याने लिहिलेला ‘संगीतरत्नाकर’ रागांकडे वळण्याआधी शरीराबद्दल बोलतो: गर्भ कसा घडतो, नाड्या कुठून कुठे जातात. मग ‘नाद’ या शब्दाची फोड येते. ‘न’ म्हणजे प्राण, ‘द’ म्हणजे अग्नी. दोघांच्या संयोगातून जन्मतो तो नाद. बोलण्याची इच्छा झाली की आत्मा मनाला चाळवतो, मन देहातल्या अग्नीवर आघात करतं, अग्नी वायूला ढकलतो आणि तो वायू नाभी, हृदय, कंठ, मस्तक असा चढत मुखावाटे स्वर होऊन बाहेर पडतो. थोडक्यात, प्रत्येक सुरामागे पोटात एक ठिणगी पडलेलीच असते. ही कल्पना एकदा मनात रुजली की दीपकाची दंतकथा फार लांब राहत नाही.

मधला दुवा चित्रांचा. हनुमन्मतात, म्हणजे रागांच्या वर्गीकरणाच्या एका जुन्या परंपरेत, भैरव, मालकंस, हिंडोल, दीपक, श्री आणि मेघ असे सहा मुख्य राग मानले, आणि रागमाला, म्हणजे रागांच्या चित्रमालिका, रंगवणाऱ्या चितेऱ्यांनी त्यांना माणसांची रूपं दिली. दीपक झाला प्रेयसीशेजारी बसलेला राजपुरुष. भोवती दिवे, काही चित्रांत तर त्याच्या मस्तकातूनच ज्वाळा निघते.

तानसेन १५६२ साली रेव्याच्या राजा रामचंद्राकडून अकबराच्या दरबारी आला आणि १५८९ साली वारला. अकबराचा दरबारी इतिहासकार अबुल फझल ‘आईन-ए-अकबरी’त गायकांच्या यादीत त्याला पहिलं स्थान देतो, हजार वर्षांत असा गवई झाला नाही म्हणतो. दिव्यांचा प्रसंग मात्र त्या नोंदीत नाही. तो लोकांनी जोडला, आणि जोडताना फार देखणा केला.

गुजरातेतल्या वडनगरची ताना-रीरी या बहिणींची कथा त्यातली सर्वात हळवी. दाहाने पोळलेला तानसेन गावोगाव हिंडत तिथल्या पाणवठ्यावर येतो. एक मुलगी घडा भरते, ओतून देते, पुन्हा भरते. पाण्याच्या आवाजात मल्हार उमटेपर्यंत तिचं समाधान होत नाही, आणि तानसेन ओळखतो की आपल्याला निववणारी हीच. नळाखाली कळशी भरताना लक्ष देऊन ऐका: पाणी चढतं तशी आतली हवेची पोकळी आखूड होते आणि आवाज बारीक होत जातो. ही कथा रचणाऱ्याने पाणी नीट ऐकलं होतं, याबद्दल मला शंका नाही. पुढे दरबारात गायला बोलावणं आल्यावर दोघी बहिणी जीव देतात. वडनगरला त्यांची समाधी आहे.

सुराचा ज्योतीवर परिणाम होतो हे भौतिकशास्त्रालाही दिसलं, पण उलट्या अंगाने. १८५८ साली अमेरिकेत जॉन लेकाँट यांनी एका मैफलीत गॅसच्या ज्योती चेलोच्या सुरांबरोबर थरथरताना पाहिल्याचं नोंदवलं. २०१५ साली व्हर्जिनियातल्या जॉर्ज मेसन विद्यापीठाच्या दोन विद्यार्थ्यांनी ३० ते ६० हर्ट्झच्या खर्जातल्या आवाजाने छोटी आग विझवून दाखवली. दिवा लावण्यापेक्षा मालवणं आवाजाला सोपं जातं. तानसेनाशी ज्याची स्पर्धा सांगतात त्या बैजू बावऱ्याने गाऊन दगड वितळवला या कथेचं नशीब थोडं बरं म्हणायचं: १९८० साली म्युनिकमध्ये पाण्याच्या टबात बसवलेल्या रुग्णाचा मूतखडा बाहेरून सोडलेल्या आघातलहरींनी फोडण्यात आला. खडा वितळला नाही, त्याचा चुरा झाला, आणि पोट कापावं लागलं नाही.

दीपकाचा खरा परिणाम झाला तो गवयांच्या मनावर. गायलं की अंगाची आग होते, घरावर संकट येतं, या धास्तीने अनेक घराण्यांनी तो बाजूला ठेवला. न गायल्यामुळे तो पुसट झाला. आज बिलावल अंगाचा, खमाज अंगाचा, पूर्वी अंगाचा असे वेगवेगळे दीपक सांगितले जातात. संगीतशास्त्रकार भातखंडे यांनी पूर्वी थाटातला (थाट म्हणजे राग ज्यात बसवतात ती सुरांची चौकट) दीपक नोंदवला. या थाटात कोमल रिषभ-धैवत आणि तीव्र मध्यम असतात, आणि त्यातले बरेच राग गायची वेळ असते दिवेलागणीची.