ससा, पाळीव : जिव्हाळा व विश्वास दर्शविणारे वर्तन (सोलापूर परिसर)

पाळीव ससा माणसाजवळ किंवा जोडीदार सशाजवळ निर्धास्त असताना जे हावभाव, आवाज व अंगाच्या ठेवणी दाखवतो, त्यांचा एकत्रित विचार. ससा हा शिकार होणारा प्राणी असल्याने सावधपणा हाच त्याच्या वर्तनाचा पाया आहे. कुत्र्याच्या शेपटीसारखी उघड खूण त्याच्याजवळ नाही. त्याचा विश्वास बहुतेक वेळा सावधपणा सैल पडल्यावरून ओळखावा लागतो : कान ताठ नसतात, नाक भराभर हलत नाही, मागचे पाय उडी घेण्याच्या तयारीत अंगाखाली ओढलेले नसतात. सोलापूरसारख्या कोरड्या व उष्ण भागात हे ओळखणे आणखी अवघड होते, कारण विश्वासाने अंग टाकलेला ससा आणि उन्हाने गळालेला ससा पहिल्या नजरेला सारखेच दिसतात.

उगम व माणसाळण्याचा काळ : जगभरचे सर्व पाळीव ससे ओरिक्टोलॅगस क्युनिक्युलस या एकाच जातीचे वंशज आहेत. आजचे स्पेन, पोर्तुगाल व फ्रान्सचा दक्षिण भाग हे तिचे मूळ स्थान. या जातीच्या दोन उपजातींपैकी पाळीव ससे ईशान्येकडील उपजातीतून, विशेषतः फ्रान्समधील रानटी सशांपासून आले, याला जनुकीय पुरावा भक्कम आहे. मतभेद आहे तो काळाबद्दल. इ. स. ६०० च्या सुमारास पोप ग्रेगरी पहिला याने सशाची नवजात पिल्ले उपवासाच्या काळात चालतात असे फर्मान काढले, त्यामुळे फ्रान्समधील मठवासीयांनी ससे पाळायला सुरुवात केली, ही कथा अनेक संदर्भग्रंथांतून व शास्त्रीय लेखांतूनही दीर्घकाळ उतरत आली. २०१८ मध्ये इव्हान अर्व्हिंग-पीज, ग्रेगर लार्सन व सहकारी संशोधकांनी तिचा माग काढला तेव्हा असे फर्मान आढळले नाही. सहाव्या शतकातील तूरचा ग्रेगरी या वेगळ्याच धर्मगुरूने, एक फ्रँक सरदार उपवासाच्या दिवसांत सशाची पिल्ले खात असे, एवढेच नोंदवले होते. दोन ग्रेगरींची गल्लत होऊन त्याचे फर्मान झाले. त्याआधी इ. स. पू. पहिल्या शतकात वॅरो या रोमन लेखकाने भिंतीने वेढलेल्या आवारांत ससे ठेवण्याची पद्धत वर्णिली आहे. मध्ययुगात युरोपात सशांसाठी राखीव माळ ठेवले जात. रंगांचे ठळक वेगळे प्रकार १६ व्या शतकापासून नोंदलेले दिसतात. हाडांच्या ठेवणीतील व आकारातील बदल मात्र बरेच अलीकडचे, साधारण १८ व्या शतकापासूनचे आहेत. जनुकीय अंदाजांची व्याप्तीही मोठी आहे. तेव्हा माणसाळणे एका क्षणी घडले नसून रोमन आवारांपासून आधुनिक पिंजऱ्यापर्यंत हळूहळू होत गेले, हे मत आज अधिक ग्राह्य वाटते.

या वादाचा घरातल्या सशाशी संबंध आहे. कुत्र्याच्या मानाने सशाचा माणसाशी घरोबा अगदी अलीकडचा, आणि त्यातही बहुतेक काळ तो मांसासाठी व कातड्यासाठीच ठेवला गेला. २०१८ मध्येच प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात रानटी व पाळीव सशांच्या मेंदूंची चुंबकीय प्रतिमांद्वारे तुलना केली गेली. पाळीव सशांत भीतीशी निगडित असलेला अमिग्डला हा भाग लहान, तर त्या भीतीला आवर घालणारा मेंदूचा पुढील मध्यभाग मोठा आढळला. म्हणजे भीती कमी झाली आहे, गेलेली नाही. सशाच्या वागण्याला ‘माया’ म्हणावे की नुसती ‘सवय’, यावर प्राणिवर्तनतज्ज्ञांत एकमत नाही. दक्षता कमी होणे मोजता येते, म्हणून विश्वास ही संज्ञा अधिक सुरक्षित. तथापि जोडीदाराचे कपाळ कितीतरी वेळ चाटत बसणारा ससा पाहिल्यावर केवळ सवय हे स्पष्टीकरण तोकडे पडते, असे प्रस्तुत नोंदकाराचे मत आहे.

रानससा वेगळा : सोलापूर जिल्ह्यातील माळरानांवर, नान्नजच्या गवताळ पट्ट्यात व ज्वारीच्या रानांत आढळणारा ससा म्हणजे लेपस नायग्रिकॉलिस हा भारतीय रानससा. तो पाळीव सशाचा पूर्वज नाही. दोघांची गुणसूत्रेही वेगळी (पाळीव ससा ४४, रानससा ४८) व त्यांच्यात संकर होत नाही. रानससा बीळ खोदत नाही, एकटा राहतो, आणि त्याची पिल्ले अंगावर केस व उघडे डोळे घेऊनच जन्मतात. पाळीव सशाचा वंश बिळांत कळपाने राहणारा, त्यामुळे परस्परांना चाटणे, अंगाला अंग लावून बसणे या खुणा त्याच्यात विकसित झाल्या. ज्वारीच्या काढणीत पाचटाआड एखादे पिल्लू एकटे सापडले की ते पोरके समजून घरी आणले जाते. प्रत्यक्षात आई दिवसभर दूर राहते व अंधार पडल्यावर पाजायला येते. पिल्लू जागच्या जागी ठेवणे हेच योग्य. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण अधिनियमानुसार रानससा पाळताही येत नाही.

गंधखुणा : सशाच्या हनुवटीखाली, गुदद्वाराजवळ व जननेंद्रियाच्या बाजूंना गंधग्रंथी असतात. हनुवटीखालील ग्रंथींचा पद्धतशीर अभ्यास १९६० च्या दशकात ऑस्ट्रेलियात रोमन मिकिटोविच यांनी केला. कळपातील वरचढ नरांत या ग्रंथी मोठ्या असतात व तेच सर्वाधिक हनुवटी घासतात, असे त्यांना आढळले. घरातील ससा खुर्चीचा पाय, चपला, पिंजऱ्याची कडी आणि पुष्कळदा माणसाचे पायही हनुवटीने घासतो. हा गंध माणसाला येत नाही. या कृतीला सरसकट प्रेमाची खूण म्हणण्याची प्रथा आहे. मुळात ती मालकीची खूण आहे. परंतु भेदरलेला ससा हनुवटी घासत फिरत नाही, कोपरा धरून बसतो. म्हणून नव्या घरी आणलेल्या सशाने वस्तूंवर हनुवटी घासायला सुरुवात करणे हे तो रुळल्याचे चांगले लक्षण मानता येते. पायांभोवती गोल गोल फिरणे व त्या वेळी ‘हुंक हुंक’ असा दबका आवाज काढणे यात प्रणयाराधनाचा भाग मोठा असतो आणि नसबंदीनंतर ते पुष्कळ कमी होते. खाऊची पिशवी दिसताच असेच फिरणारे ससेही असतात.

अंगाच्या ठेवणी व उन्हाळा : विश्वासाची सर्वांत बोलकी खूण म्हणजे अंग टाकणे. ससा बसल्या जागी एकाएकी कुशीवर कोसळतो, मागचे पाय बाजूला पसरतात, पोटाची पांढरी लव दिसते. प्रथमच पाहणाऱ्याला तो मेला की काय असे वाटते. या ठेवणीतून उठून पळायला वेळ लागतो, म्हणून रानात ती महागात पडली असती. डोळे अर्धवट मिटलेले, श्वास संथ, आणि एरवी भराभर हलणारे नाक जवळजवळ थांबलेले, असे सर्व एकत्र दिसले तर तो खरोखर निवांत आहे.

सोलापुरात एप्रिल-मेमध्ये पारा ४० अंशांच्या पुढे जातो. सशाला साधारण ३० अंशांपुढेच उष्णतेचा ताण जाणवू लागतो. त्याला घाम जवळपास येत नाही व अंगातील उष्णता मुख्यतः कानांतील रक्तवाहिन्यांतून बाहेर पडते. त्या दिवसांत पत्र्याच्या घरातला ससा दुपारी शहाबादी फरशीवर लांबलचक पसरतो तेव्हा त्याला मायेची खूण समजणे धोक्याचे. फरक बारकाईने पाहावा लागतो. उन्हाने त्रासलेल्या सशाच्या नाकपुड्या फुललेल्या असतात, कुशी धपापतात, कान हाताला तापलेले लागतात व आतून लालसर दिसतात. हनुवटी लाळेने ओली होते, मान मागे जाते. ससा नाकानेच श्वास घेतो. त्याने तोंड उघडून श्वास घेणे ही आणीबाणी आहे. आणखी एक साधी पारख अशी : निवांत ससा कोथिंबिरीच्या जुडीचा आवाज होताच मान उचलतो, गळालेला उचलत नाही. अशा वेळी कान साध्या पाण्याने ओले करून, सावलीत हवेशीर जागी ठेवून तातडीने पशुवैद्यकाकडे न्यावे. बर्फाच्या पाण्यात बुडवणे घातक ठरू शकते.

आनंदाची उडी ही याउलट निःसंदिग्ध खूण आहे. ससा हवेत उसळून अंगाला पीळ देतो, डोके एकीकडे व मागचे पाय दुसरीकडे झटकतो. ती बहुधा पहाटे किंवा तिन्हीसांजेला दिसते, कारण ससा संधिप्रकाशात सर्वाधिक चपळ असतो. गुळगुळीत टाइल्सवर ती दिसत नाही. सशाच्या पावलांना कुत्र्या-मांजरासारखी गादी नसते, नुसते केस असतात, म्हणून पाय घसरतो व तो जपून चालतो. जुनी सोलापुरी चादर अंथरली की तोच ससा मोकळा होतो. मात्र टॉवेलचे सुटे फासे नखांत अडकतात, आणि चादर कुरतडून सूत पोटात जाऊ लागले तर ती काढून घ्यावी लागते.

आवाज : डोके किंवा गाल कुरवाळताना दात हलके घासल्याचा बारीक कंप हाताला लागतो, ही समाधानाची खूण. मोठ्याने, कर्कश दात वाजवणे आणि त्यासोबत पाठीला बाक काढून, डोळे बारीक करून बसणे हे वेदनेचे लक्षण. मागचा पाय जमिनीवर आपटणे ही कळपाला दिलेली धोक्याची सूचना असते. जानेवारीत गड्डा यात्रेच्या वेळी होम मैदानावर शोभेचे दारूकाम होते तेव्हा आणि दिवाळीत शहरातील अनेक सशांकडून ती रात्रभर ऐकू येते. पूर्व भागातील यंत्रमागांच्या खडखडाटाला ससा सरावू शकतो, कारण तो आवाज एकसुरी असतो. एकाएकी होणारा स्फोट त्याच्या अंगवळणी सहसा पडत नाही. त्या रात्री पाय आपटल्याबद्दल त्याला दटावले तर माणसाबद्दलचा विश्वासच कमी होतो. शेजारी जमिनीवर शांत बसून राहणे अधिक उपयोगी पडते.

हाताळणी : मांडीवर गप्प बसतो म्हणून ससा लाडका आहे, हा समज सर्वदूर आहे आणि तो सशाला सर्वाधिक छळतो. उचलले जाणे म्हणजे सशाच्या दृष्टीने शिकाऱ्याने धरणे. कान पाठीला घट्ट चिकटलेले, डोळे वटारलेले, अंग दगडासारखे ताठ अशी स्थिती असेल तर तो थिजलेला असतो. उताणा केल्यावर तो निपचित पडतो, त्याला ‘संमोहन’ म्हणण्याची पद्धत आहे. त्या वेळी श्वसन, हृदयगती व भीतीची इतर लक्षणे पाहता ही भयाचीच प्रतिक्रिया होय, असे मत आज सर्वसाधारणपणे मान्य आहे. कान धरून उचलणे तर सर्वथा वर्ज्य. धडपडताना मारलेल्या लाथेने सशाचा स्वतःचाच कणा मोडू शकतो.

सशाला जवळजवळ चौफेर दिसते, परंतु नाकाच्या अगदी पुढचा व हनुवटीखालचा भाग दिसत नाही. त्यामुळे कुत्र्याला देतो तसा हात हनुवटीखालून पुढे केला तर तो दचकतो. हात बाजूने, दिसेल असा आणून कपाळावर ठेवावा. बाजारात मिळणाऱ्या पांढऱ्या, लाल डोळ्यांच्या सशांची नजर आणखी अधू असते. ते डोके डावी-उजवीकडे डोलावून अंतराचा अंदाज घेतात. याला लाड किंवा आजार समजू नये. ससा डोके जमिनीला टेकवून समोर येतो तेव्हा तो ‘मला चाट’ असे जोडीदाराला सांगतो तसेच माणसालाही सांगत असतो, आणि कुरवाळणे थांबल्यावर हाताला नाकाने ढोसतो. हात किंवा गाल चाटणे ही त्याने केलेली परतफेड. औषध पाजल्यावर किंवा नखे कापल्यावर पाठ फिरवून, मागचे पाय झटकत निघून जाणे याला घरोघरी ‘रुसला’ म्हणतात. तो रुसवा खरोखर किती टिकतो हे पुढच्या वागणुकीवर अवलंबून असते.

विश्वासाची मुळे फार लवकर रुजतात. मादी पिल्लांना दिवसातून साधारण एकदाच, तेही काही मिनिटे पाजते. हंगेरीतील आग्नेश बिल्को व विल्मोश अल्टबॅकर यांनी २००० मध्ये दाखवून दिले, की जन्मानंतरच्या पहिल्या आठवड्यात, पाजण्याच्या वेळेच्या आसपास पिल्लांना रोज हाताळले तर ती पुढे माणसाला भीत नाहीत. हे रानटी सशांच्या पिल्लांतही दिसले. बाजारातून आणलेल्या सशाच्या बाबतीत ती संधी हुकलेली असते. तेथे जमिनीवर बसून, त्याला आपणहून येऊ देऊन, तळहातावर मुळ्याचा किंवा गाजराचा पाला देत काही आठवडे घालवणे हाच मार्ग उरतो. भाकरी, पाव, बिस्किटे लाडाने दिली जातात, पण त्यातील पिष्टाने पचन बिघडते. हरळी, वाळलेले गवत व लसूणघास यांपैकी गवत हेच मुख्य अन्न असावे.

जोडी : माणूस दिवसभर कामावर असणाऱ्या घरांत एकटा ससा कोमेजतो. नसबंदी केलेली नर-मादीची जोडी सर्वांत चांगली जुळते. त्यांना एकदम एका पिंजऱ्यात न घालता आधी जाळीच्या दोन बाजूंना ठेवतात. जाळीला पाठ लावून दोघे शेजारी झोपू लागले म्हणजे जुळण्याची वेळ जवळ आली असे समजतात. जुळलेल्या जोडीतील एक दगावल्यास दुसरा खाणे सोडू शकतो. ससा १० ते १२ तास काहीच खात नसेल व लेंड्याही पडत नसतील, तर आतड्यांची हालचाल मंदावलेली असते आणि त्याच दिवशी उपचार लागतात.