काबुकी नट आणि जपानी दूरचित्रवाणी मालिका

काबुकी हा जपानचा सुमारे चारशे वर्षांचा नाट्यप्रकार. त्यात आवाज, नजर, पावलं यांना ठरलेलं वळण असतं. त्याला ‘काता’ म्हणतात. घराण्यांतली मुलं ते लहानपणापासून गिरवतात. रसिक निष्ठावान असले तरी मोजके. घराघरांत हे नट पोचले ते मालिकांमुळे.

ही ये-जा जुनी आहे. चित्रपट कंपन्या १९५३च्या आपसातल्या कराराच्या बळावर आपले नट सहसा बाहेर, दूरचित्रवाणीवर, सोडत नसत. एनएचके या जपानच्या सार्वजनिक प्रसारण संस्थेने १९६३ मध्ये ‘ताइगा’ या दीर्घ ऐतिहासिक मालिकांची परंपरा सुरू केली, तेव्हा पहिल्या मालिकेत नायक झाले काबुकीतले दुसरे ओनोए शोरोकू (काबुकीत नाव वारशाने चालतं; ‘दुसरे’ म्हणजे त्या नावाचे दुसरे नट).

खरा धमाका झाला २०१३ मध्ये, टीबीएस वाहिनीच्या ‘हान्झावा नाओकी’ या बँकेतल्या सूडकथेने. शेवटच्या भागाला टोकियोभोवतालच्या कांतो विभागात ४२.२ टक्के प्रेक्षक लाभले. त्यात सरकारी तपासनीस कुरोसाकी झालेले सहावे काताओका आइनोसुके मूळचे काबुकी घराण्यातले नव्हेत. साकाई शहरात त्यांच्या घरचा जहाजांचे पंखे (प्रोपेलर) बनवण्याचा कारखाना होता. पुढे काबुकी नट काताओका हिदेतारो यांनी त्यांना दत्तक घेतलं. कुरोसाकी बायकी ढंगात बोलतो, पण त्या लाडिक स्वरातला दरारा अंगावर येतो. काबुकीत स्त्रीपार्टी नटांची, म्हणजे ‘ओन्नागाता’ची, मोठी परंपरा आहे.

कागावा तेरुयुकी यांचा प्रवास उलटा. पडद्यावर नाव कमावल्यावर, वयाच्या शेहेचाळिसाव्या वर्षी, २०१२ मध्ये ते नववे इचिकावा चूशा म्हणून वडिलांच्या घराण्यात परतले. ‘हान्झावा नाओकी’च्या अखेरीस त्यांनी रंगवलेला बँकेचा संचालक ओवादा जमिनीवर डोकं टेकून माफी मागतो: अंग थरथरतं, दात आवळलेले, गुडघे वाकता वाकत नाहीत.

याला अतिअभिनय म्हणणं मला अन्यायाचं वाटतं. काबुकीत प्रसंग टिपेला पोचला की नट डोळे वटारून क्षणभर गोठतो; हा ‘मिए’. बाजूला फळीवर लाकडी ठोकळे खाडखाड आपटतात. मालिकेतला क्लोजअप हेच काम करतो: सगळं थांबवून नजर चेहऱ्यावर खिळवतो. म्हणूनच २०२०च्या दुसऱ्या पर्वात चौथे इचिकावा एन्नोसुके आणि ओनोए मात्सुयाही आले, आणि एन्नोसुकेंनी ‘वाबिरो!’ (माफी माग!) हा एकच शब्द पुन्हा पुन्हा फेकून प्रसंग पेटवला.

रंगमंचावर अशा क्षणी जाणकार प्रेक्षक नटाच्या घराण्याचं नाव पुकारतात. आइनोसुकेंसाठी ती हाक असते ‘मात्सुशिमाया!’