सोलर पॅनेल पिवळे का पडतात? कॅरिझोपासूनचा इतिहास

गच्चीवरच्या जुन्या पॅनेलवर तपकिरी डाग दिसला की 'सेल (वीज तयार करणारी चकती) गेला' असा निष्कर्ष लगेच काढला जातो. बहुतेक वेळा सेल शाबूत असतो. रंग बदललेला असतो तो काच आणि सेल यांच्यामधल्या ईव्हीए या पारदर्शक प्लास्टिकच्या थराचा.

हा थर आला तो काटकसरीतून. १९७३ च्या तेलसंकटानंतर अमेरिकेत स्वस्त पॅनेल बनवण्यासाठी नासाच्या जेट प्रपल्शन लॅबोरेटरीने १९७५ मध्ये मोठा प्रकल्प हाती घेतला. तोवर सेल सिलिकोन या रबरासारख्या पदार्थात बसवत. ते टिकाऊ होते, पण महाग. त्याच्या जागी ईव्हीए आले आणि ऐंशीच्या दशकात सगळीकडे रुळले.

त्याची खरी परीक्षा झाली कॅलिफोर्नियातल्या कॅरिझो पठारावर. आर्को सोलर या कंपनीने तिथे उभारलेला सुमारे ५ मेगावॉटचा प्रकल्प त्या काळी जगात सर्वांत मोठा होता. जास्त ऊन मिळावे म्हणून बऱ्याच पॅनेलच्या दोन्ही बाजूंना आरसे लावले होते. त्याने वीज वाढली, तशी उष्णता आणि अतिनील किरणांचा माराही वाढला. काही वर्षांतच पॅनेल तपकिरी झाले, उत्पादन घसरले आणि नव्वदच्या दशकात प्रकल्प मोडीत निघाला. आरसे नसलेल्या पॅनेलवर डाग कमी होते, आणि माझ्या मते सगळ्यात बोलका पुरावा हाच.

पुढच्या संशोधनात कारण उलगडले. अतिनील किरण शोषण्यासाठी ईव्हीएमध्ये घातलेले रसायन हळूहळू संपते, थर पक्का करणाऱ्या पेरॉक्साइडचा उरलेला अंश त्यात भर घालतो, आणि या प्रक्रियेत ॲसेटिक आम्लही सुटते. ते धातूच्या जोडण्या गंजवते, म्हणून डाग केवळ दिसण्यापुरता मानू नये. सेलच्या कडा मात्र बऱ्याचदा स्वच्छ राहतात. पॅनेलच्या पाठीवरच्या प्लास्टिकच्या थरातून, म्हणजे बॅकशीटमधून, झिरपणारा ऑक्सिजन तिथे पोचतो आणि रंग उडवतो. मधोमध तपकिरी, कडेने फिकट अशी ती ओळखीची नक्षी यातूनच तयार होते. नंतर मिश्रणे सुधारली, काचही बदलली.

गोगलगाय सरपटल्यासारख्या दिसणाऱ्या रेषा वेगळ्या. त्या सेलमधल्या बारीक तड्यांजवळ चांदीच्या कणांमुळे उमटतात.

आपल्याकडे आयआयटी मुंबईतल्या फोटोव्होल्टाइक संशोधन केंद्राने २०१३ पासून देशभर पॅनेलची पाहणी केली. उष्ण हवामानात आणि छपरांवर बसवलेल्या पॅनेलची झीज जास्त आढळली. विदर्भ-मराठवाड्यात छपरावर पॅनेल बसवताना खालून वारा खेळेल एवढी जागा ठेवावी, ती याचसाठी.